ओझरच्या एकाच आवारात सुखोई आणि तेजस : रशिया-अमेरिकेशी आपली मैत्री मोजायची कशात?

गंगापूररोडकर

नमस्कार मंडळी. पुढच्या महिन्यात वाचनालयाच्या चर्चागटात मला पाऊण तास बोलायचंय. विषय दिलाय 'भारताचं परराष्ट्र धोरण आणि बड्या देशांशी जुने संबंध'. समोर निवृत्त प्राध्यापक, बँकवाले, दोन-चार द्राक्ष बागाईतदार आणि एमपीएससीची मुलं असणार. 'अलिप्ततावाद ते बहुध्रुवीय जग' अशी पाठ्यपुस्तकी गाडी हाकली तर दहाव्या मिनिटाला लोक चहाची चौकशी करू लागतील.

म्हणून सुरुवात नाशिकपासूनच करावी म्हणतो. ओझरला एचएएलमध्ये (हिंदुस्तान एरोनॉटिक्सच्या विमान कारखान्यात) साठ वर्षं रशियन घराण्याची विमानं होत आली. १७ ऑक्टोबर २०२५ ला त्याच आवारात तेजस मार्क-१एच्या लाइनचं उद्घाटन झालं, आणि तेजसचं इंजिन आहे अमेरिकेच्या जीईचं. इकडे देवळालीत तोफखान्याकडे रशियन रॉकेटं आहेत, अमेरिकन तोफा आहेत आणि कोरियन तोफाही.

माझे प्रश्न :
१) रशियाशी 'मुरलेली मैत्री' म्हणतात, त्यातून हातात नेमकं काय आलं आणि काय नाही?
२) 'अमेरिका ऐन वेळी हात काढते' हे कितपत खरं?
३) रुपयात व्यवहार हा खरंच चालणारा प्रकार आहे का?

मतं भरपूर ऐकलीत. तारखा, आकडे आणि काय कुठे अडतं ते सांगा.

---

रिव्हेट

पहिल्या प्रश्नाचं उत्तर ओझरमध्येच आहे, फक्त 'आपण विमान बनवतो' या वाक्याखाली ते झाकलं गेलंय. लायसन्सवर विमान बनवणं म्हणजे काय, ते आधी लोकांना उलगडून सांगा.

मिग-२१ चा करार १९६२ चा. त्या सुमारास अमेरिकेने पाकिस्तानला एफ-१०४ लढाऊ विमानं दिली होती, आणि आपल्याला त्या तोडीचं विमान, तेही कारखान्यासकट आणि रुपयांत, द्यायला पश्चिमेत कुणी तयार नव्हतं. सोव्हिएत तयार झाले. १९६४ ला कारखाना उभा राहिला आणि काम तीन गावांत वाटलं गेलं : सांगाडा ओझरला, इंजिन ओडिशात कोरापुटला, इलेक्ट्रॉनिक्स हैदराबादला. मिग-२१ ची तीन रूपं, मग मिग-२७, मग सुखोई, अशी रांगच लागली. शेवटची मिग-२१ हवाई दलातून निवृत्त झाली ती २६ सप्टेंबर २०२५ ला.

आता सुखोई-३० एमकेआय जरा बारकाईने बघा. पहिला करार ३० नोव्हेंबर १९९६ चा. डिसेंबर २००० मध्ये १४० विमानं इथे बनवण्याचं लायसन्स मिळालं. पुढे ऑर्डरी वाढत एकूण २७२ विमानं झाली, त्यांतली २२२ ओझरची. काम चार टप्प्यांत ठरलं होतं. पहिल्या टप्प्यात जवळपास तयार विमान खोक्यांतून येतं. आपण जोडायचं, तपासायचं, उडवायचं. चौथ्या टप्प्यात कच्च्या मालापासून भाग बनवायचे. या विमानात साधारण ४३,००० भाग असतात, आणि चौथ्या टप्प्यात त्यांतले सुमारे ३१,५०० आपण इथे बनवत होतो.

इथवर ऐकून लोक टाळ्या वाजवतात. पण करारातलं पुढचं कलम असं की कच्चा माल रशियाकडूनच घ्यायचा. टायटॅनियमचे ठोकळे आणि फोर्जिंग (ठोकून घडवलेले तुकडे) मिळून ५,८०० नग, शिवाय नट, बोल्ट, स्क्रू, रिव्हेट, सगळं तिकडून. भाग घडवण्याचं कसब आपलं झालं, धातू आणि मूळ आराखडा त्यांचाच राहिला. आराखड्यात बदल करायचा तर मूळ कंपनीची संमती लागते. कसं बनवायचं ते शिकवलं, असंच का बनवायचं ते शिकवलं नाही. हा फरक श्रोत्यांच्या डोक्यात बसला तर अर्धं काम झालं.

अडतं कुठे, तर मुख्यतः दोन ठिकाणी.

एक, सुटे भाग. सुखोईचं मोठं ओव्हरहॉल १५०० उड्डाण तासांनी किंवा १४ वर्षांनी, जे आधी येईल तेव्हा. जोडणीचं लायसन्स मिळालं म्हणजे दुरुस्तीचे भाग आपोआप मिळतात असं नाही. त्याची बोलणी वेगळी, किंमत वेगळी, मुदत वेगळी. २०१५ च्या सुमारास ताफ्यातली जेमतेम ५५-६० टक्के विमानं उडण्याजोगी असायची. दीर्घ मुदतीच्या सुट्या भागांचे करार झाले मार्च २०१७ मध्ये, म्हणजे पहिल्या खरेदीनंतर वीस वर्षांनी! हे आधी का सुचलं नाही, हा प्रश्न मॉस्कोला नाही, दिल्लीला विचारायचा.

दोन, ऑर्डरचा खंड. २२२ वं विमान गेल्यावर लाइन ओस पडली. अपघातांत गेलेल्यांच्या जागी १२ विमानांची ऑर्डर आली ती १२ डिसेंबर २०२४ ला, सुमारे १३,५०० कोटींची. त्याआधी सप्टेंबर २०२४ मध्ये कोरापुटला २४० इंजिनांचं काम मिळालं, २६,००० कोटींच्या वर, वर्षाला ३० या हिशेबाने आठ वर्षं. मधल्या काळात पुरवठादार पांगतात, जिग (भाग जागेवर धरून ठेवणारे साचे) पडून राहतात, सराईत हात दुसऱ्या कामाला लागतात. तेजसची तिसरी लाइन ओझरला आली त्यात इथल्या मोकळ्या जागेचा आणि मोकळ्या हातांचा मोठा वाटा आहे.

एक गोष्ट मात्र आपण हुशारीने केली. सुखोईत फ्रेंच, इस्रायली आणि आपली स्वतःची उपकरणं बसवून घेतली, मिशन कॉम्प्युटर आपला ठेवला. म्हणून पुढे आपली शस्त्रं त्यावर चढवता आली. अडीच टनांचं ब्राह्मोस पोटाखाली घेऊन सुखोई पहिल्यांदा उडालं ते २५ जून २०१६ ला, इथूनच, ओझरहून. सांगाडा मजबूत करण्याचं कामही इथलंच. ब्राह्मोस स्वतः १९९८ च्या करारातून आलेला संयुक्त उद्योग, भारत ५०.५ टक्के, रशिया ४९.५. असा भागीदारीचा प्रकल्प दुसऱ्या कुठल्या बड्या देशाने आपल्याशी केलेला नाही. अणुपाणबुडीही भाड्याने दुसऱ्या कुणी दिली नाही. पहिली १९८८ ते ९१, दुसरी २०१२ ते २०२१.

---

म्हसरूळकर

रिव्हेटभाऊ, नट-बोल्ट ठीक आहेत, पण १९७१ विसरून चालणार नाही. ९ ऑगस्ट १९७१ चा करार, कलम ९ : एकावर हल्ला झाला किंवा होण्याचा धोका दिसला तर दोघांनी तातडीने सल्लामसलत करायची. डिसेंबरात सुरक्षा परिषदेत सोव्हिएतांनी तीनदा नकाराधिकार वापरला, ४, ५ आणि १३ तारखेला. त्या तीन हातांमुळे ढाका पडेपर्यंत युद्धबंदीचा ठराव अडला. अमेरिकेची विमानवाहू नौका एंटरप्राइझ तेव्हा बंगालच्या उपसागराकडे निघाली होती. अशा मैत्रीचं मोल टायटॅनियमच्या ठोकळ्यांत कसं काढणार?

---

जुनी_फाईल

@म्हसरूळकर, १९७१ जरूर सांगा, पण १९९३ सांगितल्याशिवाय थांबू नका. जानेवारी १९९३ मध्ये येल्त्सिन दिल्लीला आले, नवा मैत्री करार झाला आणि कलम ९ सारखी तरतूद त्यातून गळाली. २००० मध्ये 'सामरिक भागीदारी' आणि २०१० मध्ये 'विशेष आणि विशेषाधिकारप्राप्त' अशी विशेषणं लागली; १९७१ चं ते बंधन परत आलं नाही. आज रशियावर आपल्यासाठी काही करण्याचं करारबद्ध ओझं नाही, आपल्यावरही नाही.

त्याच वर्षीची दुसरी फाईल क्रायोजेनिक, म्हणजे अतिथंड द्रवरूप इंधनावर चालणाऱ्या रॉकेट इंजिनाची. जानेवारी १९९१ मध्ये इस्रोने ग्लावकॉसमॉस या सोव्हिएत अंतराळ संस्थेशी इंजिनं आणि तंत्रज्ञान दोन्हींचा करार केला. मे १९९२ मध्ये अमेरिकेने दोन्ही संस्थांवर निर्बंध घातले. जुलै १९९३ मध्ये रशियाने तंत्रज्ञान द्यायला नकार दिला. शेवटी सात तयार इंजिनं मिळाली. आपलं स्वतःचं क्रायोजेनिक इंजिन लावून जीएसएलव्ही यशस्वी झालं ५ जानेवारी २०१४ ला. वीस वर्षं. दोष एकट्या रशियाचा नव्हे. तेव्हा त्यांच्या तिजोरीत खडखडाट होता आणि वॉशिंग्टनला नाही म्हणण्याची त्यांची ऐपत नव्हती. मित्राची ऐपत हाही मैत्रीचाच भाग असतो.

आणखी एक, गोर्शकोव्ह ही जुनी रशियन विमानवाहू नौका. जानेवारी २००४ मध्ये जहाजाची दुरुस्ती-फेरबांधणी ९७.४ कोटी डॉलरला ठरली, २००८ ला द्यायचं होतं. २०१० मध्ये फेरबोलणी होऊन आकडा गेला २३५ कोटी डॉलरवर. जुन्या जहाजातल्या केबली किती बदलाव्या लागतील याचा अंदाजच आधी चुकला होता. सप्टेंबर २०१२ च्या चाचण्यांत पूर्ण वेग घेतल्यावर आठपैकी सात बॉयलर निकामी झाले, आतल्या विटांच्या अस्तराने दगा दिला. हेच जहाज 'विक्रमादित्य' नावाने नौदलात दाखल झालं १६ नोव्हेंबर २०१३ ला. जहाज चांगलं चाललंय, ते वेगळं. पण 'मित्राकडून घेतलंय, करार ढिला असला तरी चालेल' या समजुतीची ही किंमत.

---

देवळाली_लोकल

दुसऱ्या प्रश्नाकडे येतो.

अमेरिकेशी खरेदीचा मार्गच वेगळा आहे. बहुतेक मोठी खरेदी 'फॉरेन मिलिटरी सेल्स'मधून होते. आपण अमेरिकी सरकारला मागणीपत्र द्यायचं; ते संसदेला कळवतात; मग देकार येतो; आपण सही केली की अमेरिकी सरकार कंपनीकडून घेऊन आपल्याला देतं. दलाल नाही, निविदांची वर्षानुवर्षं नाहीत. बदल्यात अमेरिकी सरकारचं प्रशासकीय शुल्क भरायचं आणि माल कुठे-कसा वापरला याची तपासणी मान्य करायची. ही तपासणीची अट २००९ मध्ये मान्य झाली. माल आपला, पण तो ठेवला कुठे आहे हे बघायला त्यांचा माणूस येऊ शकतो. रशियाने असली अट कधी घातली नाही, हेही तितकंच खरं.

एम-७७७ तोफा याच मार्गाने आल्या. नोव्हेंबर २०१६, १४५ तोफा, ७३.७ कोटी डॉलर. २५ तयार, १२० इथे जोडायच्या. वजन चार टनांच्या आसपास, म्हणून चिनूक हेलिकॉप्टरला लटकवून डोंगरावर नेता येते. आपल्या बाकीच्या १५५ मिमी तोफांना ते जमत नाही. सप्टेंबर २०१७ मध्ये पोखरणला चाचणीत भारतीय दारूगोळा झाडताना एका तोफेची नळी फुटली. तोफ एका देशाची आणि गोळा-दारू दुसऱ्याची, अशी जोडी जमवायची तर दाबाचे तक्ते नव्याने बसवावे लागतात. या तोफा आणि कोरियन घराण्याची के-९ वज्र ९ नोव्हेंबर २०१८ ला आपल्या देवळालीतच समारंभाने तोफखान्यात दाखल झाल्या. तुमच्या व्याख्यानाला हा फोटो लावाच.

'अमेरिका हात काढते' याचे पुरावे आहेत. मे १९९८ च्या अणुचाचण्यांनंतर तेजसच्या उड्डाण-नियंत्रणावर अमेरिकेत काम करणाऱ्या आपल्या इंजिनिअरांना बाहेर काढलं आणि सामग्री तिकडेच अडकली. नौदलाची सी-किंग हेलिकॉप्टरं मुळात ब्रिटिश, पण आतले भाग अमेरिकन लायसन्सचे, म्हणून तीही सुट्या भागांवाचून जमिनीवर बसली. हा दुसरा दाखला लोकांना नक्की सांगा. विकणारा कोण हे बघून भागत नाही, आतला भाग कुणाच्या कायद्याखाली येतो ते बघावं लागतं.

त्यानंतर चित्र बदललं. २००५ ला अणुकराराची घोषणा, सप्टेंबर २००८ मध्ये अणुपुरवठादार गटाची सूट, ऑक्टोबरात अणुसहकार्याचा '१२३ करार'. मग चार 'पायाभूत' करारांपैकी उरलेले तीन : रसद-सुविधांचा २०१६, सुरक्षित संपर्काचा २०१८, नकाशे-भूस्थानिक माहितीचा २०२०. पहिला २००२ चा. संपर्काचा करार नसल्याने सी-१३०जे आणि पी-८आय ही विमानं अमेरिकन सांकेतिक संचाविना घ्यावी लागली होती. सी-१७, अपाची, चिनूक हे सगळं याच काळातलं.

एस-४०० या रशियन हवाई संरक्षण क्षेपणास्त्र प्रणालीची गोष्ट उलट बाजूने बघा. ऑक्टोबर २०१८, ५४३ कोटी डॉलर, पाच स्क्वाड्रन. अमेरिकेचा २०१७ चा काट्सा कायदा म्हणतो, रशियाकडून मोठी शस्त्रखरेदी करणाऱ्यावर निर्बंध. हीच खरेदी केली म्हणून तुर्कीवर डिसेंबर २०२० मध्ये निर्बंध लागले. आपल्यावर नाही. चीनसमोर उभा राहणारा भारत त्यांना हवा आहे, यापलीकडे त्याला कारण शोधू नका. गंमत अशी की अमेरिकेने न अडवलेली ही खरेदी शेवटी रशियाकडूनच रखडली : पाचांपैकी तीन आले, उरलेले दोन युक्रेन युद्धात अडकले.

तेजसच्या इंजिनाबाबत एक गैरसमज पसरलाय की उशीर हा अमेरिकेचा दबाव आहे. तसं नाही. तेजसच्या या जीई एफ-४०४ इंजिनांपैकी आधीच्या ६५ इंजिनांची ऑर्डर २०१६ ला पुरी झाली. पुढची ऑर्डर नाही, म्हणून जीईने ती लाइन बंद केली. आपण ९९ इंजिनं मागवली ऑगस्ट २०२१ ला. बंद लाइन उघडायची, कोविडनंतर पुरवठादार गोळा करायचे, यात पहिलं इंजिन आलं मार्च २०२५ मध्ये. विमानं तर मार्च २०२४ पासून मिळायला हवी होती. ओझरला सुखोईच्या लाइनचं जे झालं तेच तिकडे जीईच्या लाइनचं झालं.

---

गंगापूररोडकर

देवळालीवाले दादा, रिव्हेटभाऊ, जुनी_फाईल, मनापासून आभार. सी-किंगचं माहीत नव्हतं. आता रुपयाचं कुणी सांगेल का? आमच्या गटातले बागाईतदार पहिला प्रश्न तोच विचारणार.

---

निफाड_एक्स्पोर्ट

रुपया-रुबल हे एकच नाव दोन वेगळ्या व्यवस्थांना लावलं जातं, तिथेच घोळ होतो.

जुनी व्यवस्था १९५० च्या दशकातली. विमानं, पोलाद कारखाने, तेल यांचे पैसे रुपयांत जमा व्हायचे आणि त्याच रुपयांतून सोव्हिएत इथला चहा, तंबाखू, चामडं, होजिअरी उचलायचे. डॉलर लागतच नव्हता. दोन्हीकडे सरकारी खरेदीदार असल्यामुळे ताळेबंद जुळवता यायचा. सोव्हिएत संघ मोडल्यावर प्रश्न आला की मागचं देणं कुठल्या दराने फेडायचं, कारण रुबलच कोसळला होता. १९९३ च्या तडजोडीत दर ठरला, काही भाग १२ वर्षांत आणि उरलेला ४५ वर्षांत बिनव्याजी फेडायचा, तोही रुपयांत, ज्यातून रशियाने इथला माल घ्यायचा. त्या वेळी गोठवलेल्या दराने आपल्याला महाग पडलं, अशी टीका अर्थतज्ज्ञ आजही करतात.

नवी व्यवस्था ११ जुलै २०२२ च्या रिझर्व्ह बँकेच्या परिपत्रकाची. रशियन बँक इथल्या अधिकृत बँकेत विशेष रुपया व्होस्ट्रो खातं उघडते. आपला आयातदार त्या खात्यात रुपये भरतो; निर्यातदाराला त्याच खात्यातून रुपये मिळतात. इन्व्हॉइस रुपयांत, बँकेचं वसुली प्रमाणपत्र मिळतं, निर्यातीचे लाभही लागू. कागदावर सरळ आहे.

अडतं ते आकड्यांत. २०२४-२५ चा दुतर्फा व्यापार ६,८७० कोटी डॉलर. त्यात आपली निर्यात ५०० कोटीही नाही, बाकी सगळी आयात, आणि तीही मुख्यतः कच्चं तेल. युद्धाआधी आपल्या तेल आयातीत रशियाचा वाटा दोन टक्क्यांच्या आत होता. नंतर एक तृतीयांशाच्या पुढे गेला. म्हणजे खात्यात रुपये येणार धो धो आणि बाहेर जाणार थेंब थेंब. मे २०२३ मध्ये गोव्यात रशियाचे परराष्ट्रमंत्री लाव्हरोव्ह यांनी जाहीरपणे हीच तक्रार केली की रुपये साठलेत, वापरायचे कुठे. बरंचसं तेल म्हणूनच दिरहॅममध्ये आणि इतर चलनांत फिरलं. ऑगस्ट २०२५ मध्ये रिझर्व्ह बँकेने साठलेले सगळे रुपये सरकारी रोख्यांत गुंतवायला परवानगी दिली. त्याने रशियाला व्याज मिळेल, पण माल घ्यायला आपल्याकडे त्यांना हवं तेवढं काही नाही, हा मूळ प्रश्न तसाच. व्यापारातली दरी भरल्याशिवाय रुपयाचा गाडा पुढे जाणार नाही.

आता द्राक्षाचं. नाशिकच्या द्राक्षाला रशिया ही जुनी बाजारपेठ, युरोपनंतर नाव घ्यावं अशी. २०२२ च्या मार्चमध्ये मर्स्क आणि एमएससी या जहाज कंपन्यांनी रशियाची बहुतेक बुकिंग थांबवली. तेव्हा हंगाम ऐन भरात होता. मग छोट्या लाइन, मधल्या बंदरात कंटेनर बदलणं, भाडं जास्त, दिवस जास्त. द्राक्षाला शून्य अंशाच्या आसपास अखंड थंडी लागते. बंदरात थंड कंटेनरला विजेचा प्लग मिळायला उशीर झाला की देठ तपकिरी पडतो आणि बुरशी रोखणाऱ्या सल्फरच्या पॅडचा जोर आधीच संपलेला असतो. डिसेंबर २०२३ पासून लाल समुद्राचा रस्ता बिघडला आणि केप ऑफ गुड होपचा वळसा सुरू झाला, तो आणखी दहा-पंधरा दिवसांचा.

पैशाचं म्हणाल तर आधी विचारायचं की समोरच्याची बँक निर्बंधांच्या यादीत आहे का. २२ डिसेंबर २०२३ च्या अमेरिकी आदेशानंतर रशियाशी व्यवहार करणाऱ्या तिसऱ्या देशांच्या बँकाही कचाट्यात येऊ शकतात, म्हणून इथल्या ज्या बँकांचा अमेरिकेत मोठा कारभार आहे त्या असे कागद हातात घ्यायला काचकूच करतात. पर्याय दोनच : व्होस्ट्रो खातं असलेली बँक आधी पकडा आणि मग सौदा करा, किंवा आगाऊ रक्कम घ्या. माल लागल्यावर बँक शोधायला निघालात तर हंगाम तिथेच संपला.

---

म्हसरूळकर

हे बेस्ट. मग आता चीनचंही कुणीतरी बोला. रशियाने एस-४०० चीनला आपल्या आधी दिले, सुखोई-३५ दिली. पाकिस्तानच्या जेएफ-१७ लढाऊ विमानामध्ये इंजिन रशियन आरडी-९३. तरी आपण म्हणायचं जुना दोस्त?

---

जुनी_फाईल

म्हणायचं, पण त्याचा अर्थ 'आपल्या शत्रूचा शत्रू' असा लावायचा नाही. रशियाने चीनशी भांडावं ही आपली अपेक्षा, आणि आपण रशियाशी तोडावं ही अमेरिकेची अपेक्षा, दोन्ही एकाच माळेच्या.

आकड्यांत बघायचं तर स्टॉकहोमच्या सिप्री संस्थेच्या हिशेबाने आपल्या शस्त्रआयातीत रशियाचा वाटा २०१०-१४ मध्ये ७२ टक्के होता, २०१५-१९ मध्ये ५५, २०२०-२४ मध्ये ३६. फ्रान्स आणि इस्रायल वर आले. फ्रान्सचं नाव तुमच्या टिपणात दिसलं नाही, ते घालाच. जानेवारी १९९८ मध्ये सामरिक भागीदारी, आणि चारच महिन्यांनी पोखरण झालं तेव्हा फ्रान्सने निर्बंध घातले नाहीत. पुढे ३६ राफेल, मग एप्रिल २०२५ मध्ये नौदलासाठी २६. आराखड्याच्या हक्कांबाबत आणि किमतीबाबत मात्र फ्रेंच रशियनांहून सढळ आहेत असं समजू नका.

आपल्याच राज्यातला दाखला हवा असेल तर तारापूर. १९६३ चा अमेरिकेशी तीस वर्षांचा करार, जीईच्या अणुभट्ट्या, १९६९ पासून वीज. १९७४ ची चाचणी आणि १९७८ चा अमेरिकी कायदा झाल्यावर इंधन अडलं. मग १९८० च्या दशकात फ्रान्सने दिलं, तो थांबल्यावर १९९५ मध्ये चीनने, २००१ मध्ये रशियाने. होय, चीनने! त्याच भट्ट्यांत चार देशांचं युरेनियम जळलं.

आणि ताजा किस्सा 'तुशील' युद्धनौकेचा. बांधली रशियाच्या कालिनिनग्राडमध्ये, पण त्या वर्गाच्या जहाजांची गॅस टर्बाइनं युक्रेनच्या झोर्या-माशप्रोएक्तची. २०१४ नंतर युक्रेनने रशियाला देणं बंद केलं. मग भारताने ती स्वतः युक्रेनकडून विकत घेतली आणि रशियन गोदीला बसवायला दिली. ९ डिसेंबर २०२४ ला नौका आपल्या नौदलात आली, युद्ध चालू असताना. पाऊण तासात एकच उदाहरण सांगायला वेळ उरला तर हे सांगा.

---

गंगापूररोडकर

तुशीलने मान्य. शेवटचा प्रश्न, एमपीएससीची पोरं हमखास विचारणार : इंजिन अमेरिकन म्हणून एवढी कटकट, तर तेजसमध्ये रशियन किंवा फ्रेंच इंजिन का नाही बसवत?

---

रिव्हेट

बसत नाही म्हणून. लढाऊ विमान इंजिनाभोवती काढलेलं असतं. हवेचा मार्ग, मागचा गाळा, इंजिन ज्या कड्यांवर टांगतात त्या जागा, गिअरबॉक्स वर की खाली, इंधनाच्या नळ्या, वजनाचा मध्य, हे सगळं एफ-४०४ च्या मापाचं. रशियन आरडी-३३ ताकदीने जवळपास आहे, पण बांधणी निराळी. फ्रेंच एम-८८ चा जोर ७५ किलोन्यूटन, एफ-४०४ चा ८४ च्या आसपास. तेजसला तेवढी घट झेपत नाही. जीईचंच मोठं एफ-४१४ घ्यायचं म्हटलं तरी सांगाडा मोठा करावा लागला, त्याचंच नाव मार्क-२. आपलं स्वदेशी कावेरी इंजिन अपेक्षित जोर देऊ शकलं नाही म्हणून तर हे इंजिन आलं. शिवाय इंजिन बदललं की उड्डाण-नियंत्रणाचं सॉफ्टवेअर आणि चाचण्या पुन्हा पहिल्यापासून, म्हणजे काही वर्षं गेलीच.

म्हणून उपाय एवढाच की ऑर्डर वेळेत द्यायची. सप्टेंबर २०२५ मध्ये ९७ जादा मार्क-१ए ठरली, आणि नोव्हेंबरात जीईशी आणखी ११३ इंजिनांचा करार झाला, पुरवठा २०२७ ते २०३२. या खेपेला आधीची ९९ पुरी व्हायच्या आतच पुढची ऑर्डर गेलीय, त्यामुळे जीईला लाइन बंद करायचं कारण नाही. ओझरची लाइन वर्षाला आठ विमानांची आहे. इंजिनं ठरल्या वेळी आली तर तो आकडा गाठणं इथल्या शॉपच्या हातात आहे.